गहाण सोडविण्याची सवड

कर्ज फेडून गहाण सोडवून घेण्याचा ऋणकोचा हक्क १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याने मान्य केला. २००२ च्या सरफेसी कायद्याने न्यायालयात न जाता, ६० दिवसांच्या नोटिशीनंतर तारण ताब्यात घेण्याची मुभा बँकांना दिली. तरी विक्रीच्या ठरलेल्या दिवसापूर्वी थकबाकी व खर्च भरून घर वाचविता येई. २०१६ च्या दुरुस्तीनुसार ही सवड लिलावाची नोटीस प्रसिद्ध होताच संपते. सर्वोच्च न्यायालयानेही २०२३ साली हाच अर्थ ग्राह्य धरला. कर्जवसुली हवीच, ठेवी सामान्यांच्याच असतात. परंतु पगारदाराची नातलगांकडील जुळवाजुळव बहुधा लिलावाची तारीख कळल्यावरच वेग घेते, आणि तेव्हा त्याचा हक्क सरलेला असतो! शेतजमीन या कायद्यातून वगळली आहे. मग राहत्या घराला निदान लिलावाच्या दिवसापर्यंत सवड का नसावी?