चिंबोऱ्या साठवा, पण जपून

समुद्र शेकडो मैल दूर असला तरी खेकड्याची चव घरात पुरवून पुरवून घेता येते. मात्र फ्रीजर म्हणजे जादूची पेटी नव्हे, हे आधी ध्यानात घ्यायला हवे.

रायपूरची समता कॉलनी आणि तिच्या शेजारची चौबे कॉलनी या भागात मराठी बोलणे कानावर पडले, तर नवल वाटू नये. नागपूरकर भोसल्यांची सत्ता १८व्या शतकात छत्तीसगडात पोहोचली, तेव्हापासून या मुलखाशी मराठी माणसाचे नाते आहे. पुढे नोकरी-व्यवसायाच्या निमित्ताने आणखी कुटुंबे आली. त्यांनी भाषा जपली, सणवार जपले, पुरणपोळी आणि भाकरीही जपली. पण कोकणातून आलेल्यांना एक गोष्ट काही बरोबर आणता आली नाही, ती म्हणजे समुद्र. रेल्वेने मुंबई अकराशे किलोमीटरहून दूर आणि विशाखापट्टणमही सुमारे साडेपाचशे किलोमीटरवर!

मग सुट्टीत माहेरी गेलेली एखादी सून परतताना चिंबोऱ्या घेऊन येते. गाडीचा प्रवास सुमारे वीस तासांचा. घरी पोहोचून टोपली उघडावी, तर काही खेकडे नांग्या हलवताहेत आणि काही निपचित पडलेले. इतक्या लांबून, एवढे पैसे मोजून आणलेले, टाकायचे तरी कसे? "आत्ता फ्रीजरमध्ये ठेव. उद्या चांगलं खळखळ उकळून घेऊ," असा सल्ला घरातूनच मिळतो. नेमका हाच सल्ला साऱ्या घराला आजारी पाडू शकतो.

मेलेला खेकडा का नको?

खेकड्याच्या पोटातले पाचकरस तो मेल्यावर त्याचेच मांस विरघळवू लागतात. त्याच वेळी जंतूंचीही झपाट्याने वाढ सुरू होते. म्हणूनच मासा मेलेला घेतला जातो, पण खेकडा मात्र जिवंत पाहूनच घ्यायचा असतो. केव्हा मेला हे ठाऊक नसलेला खेकडा सरळ टाकून द्यावा.

फ्रीजरची थंडी जंतूंची वाढ थांबवते, पण सगळ्या जंतूंना मारत नाही. बर्फ वितळला की ते पुन्हा वाढू लागतात. शिवाय काही जंतूंनी तयार केलेले विष उकळूनही नष्ट होत नाही. थोडक्यात, फ्रीजर पदार्थाला आहे त्या अवस्थेत थांबवतो. ताजा ठेवाल तर ताजा मिळेल, बिघडलेला ठेवाल तर बिघडलेलाच मिळेल.

निवड करताना

हातात घेतल्यावर आकाराच्या मानाने जड लागणारा खेकडा मांसाने भरलेला असतो. नुकतीच कात टाकलेला खेकडा मऊ आणि पाणचट असतो. अमावास्येच्या सुमारास चिंबोऱ्या भरलेल्या आणि पौर्णिमेला पोकळ असतात, असे कोकणात म्हणतात. तिथी कोणतीही असो, वजन हातानेच पाहून घ्या. पोकळ खेकडा साठवून फ्रीजरमधली जागा अडवण्यात अर्थ नाही.

जिवंत खेकडे घरी आणल्यावर हवाबंद पिशवीत किंवा बादलीभर पाण्यात ठेवू नका. दोन्हीकडे ते गुदमरून मरतात. ओलसर गोणपाटाखाली, सावलीत ठेवा आणि त्याच दिवशी शिजवा.

आधी शिजवा, मग गोठवा

कच्चा खेकडा गोठवला तर मांस कवचाला चिकटते आणि पुढे भुसभुशीत लागते. घरच्या साठवणीसाठी खेकडा आधी उकडून घेणे उत्तम.

खेकडे अर्धा तास बर्फात ठेवा, म्हणजे ते बधिर होतील आणि नांगीचा चिमटाही बसणार नाही. मोठ्या पातेल्यात मीठ घातलेले पाणी खळखळ उकळा व त्यात ते सोडा. पाण्याला पुन्हा उकळी फुटली की तिथून पंधरा ते वीस मिनिटे मोजा. कवच केशरी-लाल झाले म्हणजे खेकडा शिजलाच, असे समजू नका. रंग आधी बदलतो. आतले मांस पांढरेशुभ्र आणि घट्ट दिसायला हवे.

शिजलेले खेकडे बर्फ घातलेल्या पिण्याच्या पाण्यात लगेच गार करा. ओट्यावर रात्रभर निवत ठेवू नका. शिजलेला पदार्थ बाहेर दोन तासांपेक्षा जास्त राहता कामा नये. मे महिन्यात, रायपूरचा पारा चाळिशीच्या पुढे जातो तेव्हा तर एका तासातच तो आत जायला हवा.

आणखी एक चूक अनेक घरांत होते. ज्या टोपलीतून कच्चे खेकडे काढले, त्यातच उकडलेले ठेवले जातात. समुद्री खेकड्यांवर पोट बिघडवणारे जंतू असू शकतात. ते पुन्हा शिजलेल्या मांसाला लागतात. भांडी, सुरी आणि हात साबणाने धुऊनच पुढच्या कामाला लागा.

आता पाठीवरचे कवच काढा. आतले पिसांसारखे कल्ले, पोटाची पिशवी आणि पिवळसर गर काढून टाका. हा गर सर्वांत आधी खवट होतो. लाख असेल तर ती त्याच दिवशी खाऊन टाकावी.

पाकिटे छोटी, तारीख मोठी

नांग्या आणि पाय कवचासकटच ठेवा, म्हणजे मांस कोरडे पडत नाही. टोके टोचून पिशवी फाटते, म्हणून आधी जाड प्लॅस्टिकमध्ये गुंडाळून मग दुसऱ्या पिशवीत घाला. सुटे मांस असेल तर पिशवीत चपटे पसरून हवा दाबून काढा. चपटे पाकीट लवकर गोठते आणि लवकर सुटते.

एका पाकिटात एका जेवणापुरतेच ठेवा. सगळी पाकिटे एकावर एक रचून एकदम कोंबू नका, नाहीतर मधली उशिरा गोठतात. प्रत्येकावर तारीख लिहा. "लक्षात राहील" म्हणून सोडलेली तारीख कधीच लक्षात राहत नाही!

रस्सा करून गोठवण्यापेक्षा नुसता खेकडा गोठवावा. नारळाचे वाटण गोठल्यावर फुटते. वाटण त्या दिवशी ताजे केले, तर साठवणीचा खेकडाही ताज्यासारखा लागतो.

आपला फ्रीजर किती थंड?

खेकडा साठवायला उणे १८ अंश सेल्सियस तापमान हवे. एका दाराच्या साध्या फ्रीजमधला बर्फाचा कप्पा बहुधा एवढा थंड नसतो. काही फ्रीजवर ताऱ्याची खूण असते. एक तारा म्हणजे उणे ६ अंश, दोन म्हणजे उणे १२ आणि तीन म्हणजे उणे १८. एका ताऱ्याच्या कप्प्यात गोठवलेला पदार्थ आठवडाभर, दोन ताऱ्यांच्या कप्प्यात महिनाभर आणि तीन ताऱ्यांच्या कप्प्यात दोन-तीन महिने ठेवावा. खूण नसेल तर आइस्क्रीम ठेवून पाहा. ते मऊच राहिले, तर त्या कप्प्यावर लांबच्या साठवणीसाठी भरवसा ठेवू नका. फ्रीजच्या खालच्या भागात, ४ अंशांच्या आसपास, उकडलेला खेकडा दोन दिवसांत संपवावा.

वीज गेली तर?

दार उघडून पुन्हा पुन्हा पाहू नका. दार बंद असेल तर गच्च भरलेला डीप फ्रीजर सुमारे ४८ तास आणि अर्धा भरलेला सुमारे २४ तास थंडी धरून ठेवतो. फ्रीजचा खालचा भाग मात्र चारच तास. छोट्या बर्फाच्या कप्प्याकडून एवढी अपेक्षा करू नका.

गावी जाताना एक सोपी युक्ती करा. वाटीत पाणी गोठवून त्यावर नाणे ठेवा. परत आल्यावर नाणे बर्फाच्या आत खाली गेलेले दिसले, तर मध्ये वीज बराच वेळ नव्हती असे समजा आणि खेकडा टाकून द्या.

माहेरहून आणतानाही हाच विचार करा. तिथेच उकडून, दगडासारखे गोठवून, बर्फाच्या पेटीत बांधून आणा. घरी आल्यावर पाकिटात अजून बर्फाचे कण असतील तर पुन्हा फ्रीजरमध्ये ठेवता येतील. बर्फ सुटला असेल, पण पाकीट फ्रीजमधून काढल्यासारखे थंडगार असेल, तर त्याच दिवशी शिजवून संपवा. कोमट लागले, तर वास न घेताच टाका. दूषित अन्नाला वास येतोच असे नाही.

खाण्यापूर्वी

पाकीट आदल्या रात्री फ्रीजच्या खालच्या फळीवर ताटलीत ठेवा. घाई असेल तर बंद पिशवी थंड पाण्यात बुडवा. नांग्या तशाच उकळत्या रश्श्यात टाकल्या तरी चालते. रस्सा पूर्ण उकळू द्या. ओट्यावर सुटे केलेले मांस पुन्हा गोठवू नका.

पावसाळ्यात छत्तीसगडच्या धानाच्या शेतांतही खेकडे मिळतात. कोकणातल्या मुठ्यांचेच हे भाऊबंद. गोड्या पाण्यातले खेकडे कच्चे किंवा अर्धे शिजलेले खाल्ल्यास फुप्फुसात कृमी होऊ शकतात. मणिपूरमध्ये असे रुग्ण आढळले आहेत. त्यामुळे ते गोठवण्याआधी पूर्ण शिजवलेच पाहिजेत.

खेकड्याची अॅलर्जी असणाऱ्यांना मात्र शिजवणे किंवा गोठवणे यांचा काहीच उपयोग नाही. त्यांच्यासाठी वेगळी भाजी करा आणि पळीही वेगळी ठेवा. गर्भवती, लहान मुले आणि वृद्ध यांच्या ताटात शंकेचा घास तर कधीच जाऊ नये.

हौसेने आणलेला खेकडा टाकताना जीव हळहळतो, हे खरे. पण त्याची किंमत ज्या दिवशी मोजली, त्याच दिवशी ती गेली. तो ताटात वाढल्याने परत येत नाही. उलट जुलाब-उलट्यांनी अंथरूण धरलेल्या मुलाच्या उशाशी बसून रात्र काढावी लागली, तर ती किंमत कितीतरी मोठी असते. आणि उरलेली चार पाकिटे नीट उकडलेली, नीट बांधलेली आणि तारीख घातलेली असतील, तर रविवारी समता कॉलनीतल्या त्या घरातही वाटणाचा वास दरवळेल आणि निर्धास्तपणे नांग्या फोडल्या जातील.