विश्वासरावांच्या कानाजवळून गेलेली गोळी

जयंत नारळीकरांच्या ‘गंगाधरपंतांचं पानिपत’ या कथेतला पेच एका फाटक्या पानात आहे. अपघातानंतर प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे अशा जगात पोचतात, जिथे १७६१ मध्ये पानिपतावर मराठे जिंकले आणि मुंबईत ईस्ट इंडिया कंपनीचाच अंमल आहे. ते परततात तेव्हा खिशात त्या जगातल्या बखरीचे पान असते. गोळी पेशवेपुत्र विश्वासरावांच्या कानाजवळून गेली, असे ते पान सांगते. घरच्या बखरीत मात्र गोळी त्यांना लागलेलीच. जे घडलेच नाही, त्याचा पुरावा हातात कसा?

कथेतले उत्तर भौतिकशास्त्रातले आहे. इलेक्ट्रॉन नेमका कुठे सापडेल हे सांगता येत नाही, फक्त शक्यता मांडता येतात. तशा इतिहासाच्या शक्यताही शेजारी नांदत असतील. लढाई अटीतटीची असते तेव्हा एक गोळीही पारडे फिरवते.

मुरुडच्या वाचकाला पानिपताची ही वाट आणखी जवळची आहे. १७६० मध्ये त्याच्याच लातूर जिल्ह्यातल्या उदगीरला सदाशिवरावभाऊंनी निजामाला नमवले, आणि त्या विजयानंतरच उत्तरेच्या मोहिमेची सूत्रे भाऊंकडे आली.