निर्वासित गायिकेची साक्ष

कोल्हापूरजवळच्या वळिवडे येथील छावणीत १९४३ ते १९४८ या काळात सुमारे पाच हजार पोलिश निर्वासित राहून गेले, ही हकीकत आता महाराष्ट्राला बऱ्यापैकी ठाऊक झाली आहे. वॉर्सात कोल्हापूरचे स्मारक आहे. २०२४ च्या ऑगस्टमध्ये पंतप्रधानांनी तेथे पुष्पचक्र वाहिले, तेव्हा आपल्याकडे करवीरच्या औदार्याचे पुष्कळ गोडवे गायिले गेले. ते औदार्य खरेच होते. परंतु यजमानाच्या कौतुकात पाहुण्याची विचारपूस राहून जावी, तसे येथे झाले आहे.

त्या लोंढ्याच्या अग्रभागी हांका ऑर्दोनूव्ना ही गायिका होती. १९०२ साली वॉर्सात जन्मलेल्या या बाई महायुद्धापूर्वी पोलंडच्या रंगभूमीवर अफाट लोकप्रिय होत्या. १९३३ च्या एका बोलपटातील त्यांचे प्रेमगीत पोलंडमध्ये अजूनही गुणगुणले जाते. १९३९ मध्ये एका बाजूने हिटलर व दुसऱ्या बाजूने स्टालिन असे दोघे त्या देशावर तुटून पडले आणि हांकाबाईंच्या वाट्याला दोघांचाही पाहुणचार आला. प्रथम नाझींचा तुरुंग, मग सोव्हिएत हद्दपारी. १९४१ साली जर्मनीने रशियावर चाल केल्यावर पोलिश बंदिवानांची सुटका झाली. तेव्हा क्षयाने पोखरलेल्या या गायिकेने स्वतःच्या प्रकृतीची चिंता बाजूस सारून मध्य आशियात भटकणारी अनाथ मुले गोळा करण्याच्या कामाला वाहून घेतले.

ही मुले १९४२ मध्ये मुंबईस आली. त्यांचा पहिला मुक्काम वांद्र्यास पडला व तेथून नवानगरच्या जामसाहेबांनी त्यांना बालाचडीस नेले. वांद्र्याच्या समुद्रकाठाशी या इतिहासाचा इतका निकटचा संबंध आहे, हे किती मुंबईकरांना ठाऊक असेल?

हांकाबाई पुढे बैरूतला गेल्या. तेथे १९४८ साली त्यांचे पुस्तक निघाले. नावाचा अर्थ 'भटकी मुले' आणि लेखिकेचे नाव टोपण. जिच्या नावावर नाट्यगृहे भरत, तिने आपल्या सर्वांत गंभीर कृतीवर ते नाव घातले नाही. गाण्यात प्रेम होते, पुस्तकात भूक आहे, हद्दपारी आहे आणि आईबापांवाचून वाढलेल्या मुलांचा लांबचा प्रवास आहे. सोव्हिएत छळाविषयी नव्या पोलंडमध्ये उघडपणे छापणे अशक्यप्राय होते, म्हणून मायदेशाची कथा परदेशी छापावी लागली. एक शत्रू हरला तरी दुसरा मित्रराष्ट्र म्हणून विजेत्यांच्या पंक्तीत बसला, हे या लोकांचे खास दुर्दैव. वळिवड्याच्या कित्येकांनाही युद्ध संपल्यावर परतायला घर उरले नव्हते. त्यांची गावे सरहद्दीपलीकडे गेली होती. फाळणीनंतर कल्याणच्या छावणीत उतरलेल्या सिंधी बांधवांना हे वेगळे समजावून सांगावे लागले नसते.

स्मारकांवर फुले वाहिली जातात, ते योग्यच आहे. पण हे पुस्तक चांगल्या मराठीत यावयास हवे. मुंबई व कोल्हापूरच्या विद्यापीठांनी ते मनावर घ्यावे. १९५० साली बैरूतमध्येच हांकाबाईंचा अंत झाला. त्यांचे अवशेष वॉर्साच्या मातीत पोहोचले ते १९९० साली, पोलंडमधील साम्यवादी राजवट कोसळल्यानंतर.