घटिकापात्र : पाण्याच्या प्रवाहाने काळ मोजणारे यंत्र

काळाचा प्रवाह पाण्यासारखा हवा तिकडे वळवणारे यंत्र केवळ विज्ञानकथांत आढळते. मात्र पाण्याच्या प्रवाहावरून काळ मोजणारे यंत्र, म्हणजे घटिकापात्र, सातारा-सांगलीसह महाराष्ट्रभर जुन्या पिढ्यांच्या लग्नमंडपात मुहूर्त साधण्यासाठी मांडले जात असे. तळाला सूक्ष्म छिद्र असलेली तांब्याची वाटी पाण्याने भरलेल्या घंगाळात तरंगत ठेवली जाई, आणि छिद्रातून पाणी आत शिरत ती बुडाली की एक घटका, म्हणजे 24 मिनिटे, झाली असे धरत. अहोरात्राच्या अशा 60 घटका, घटकेची 60 पळे व पळाची 60 विपळे होत.

छिद्र नेमके किती असावे, हा खरा कळीचा प्रश्न होय. वाटीचे वजन आणि छिद्राचे माप ठरवून देणारे जुने नियम भास्कराचार्यांना तर्कहीन व अवघड वाटले, आणि ‘सिद्धान्तशिरोमणी’त (1150) त्यांनी सुचवले की वाटी अहोरात्रात किती वेळा बुडते ते मोजून 60 घटकांना त्या संख्येने भागावे, म्हणजे तिचे मान मिळते. उपकरणाचे प्रमाणीकरण हेच, आणि ते विलक्षण आधुनिक आहे. अर्थात, पाणी तापले की पातळ होते, त्यामुळे हिवाळ्यापेक्षा उन्हाळ्यात वाटी किंचित लवकर बुडते.

ज्यांच्या माळ्यावर अशी छिद्राची वाटी असेल, त्यांनी ती फुटकी समजून मोडीत घालू नये.