धुकं आलं कुठून?

पडद्यावर एक इवलासा हेजहॉग चाललाय. पाठभर काटे, हातात गाठोडं! गाठोड्यात काय? रास्पबेरीचा मुरांबा! अस्वलाच्या पिल्लाकडे जायचं, चहा प्यायचा आणि दोघांनी चांदण्या मोजायच्या, असा बेत आहे. पण वाटेत लागतं दाट धुकं. त्यात उभा एक पांढरा घोडा! घोडा इथे आडवा झाला तर गुदमरेल का, याचीच हेजहॉगला काळजी!

दहा मिनिटांचा हा सिनेमा १९७५ साली मॉस्कोत तयार झाला. तेव्हा मॉस्को ही सोव्हिएत संघ नावाच्या भल्यामोठ्या देशाची राजधानी होती. दिग्दर्शक होते युरी नोर्श्तेन.

आता ओळख पाहू, ते धुकं कशाचं होतं? धुराचं? कापसाचं? कॉम्प्युटरवर केलेलं? छे! ते होतं चक्क कागदाचं!

खोटं वाटतं? मग ट्रेसिंग पेपर आण आणि याच पानावर ठेव. अक्षरं वाचता येतात ना? आता कागद हळूच वर उचल. आणखी थोडा. बघ, बघ, अक्षरं विरघळली! कागदातून जाताना उजेड इकडेतिकडे पांगतो. कागद पानाला चिकटलेला असला की पांगायला जागाच नसते. अंतर वाढलं की सगळं पुसट!

नोर्श्तेन यांनी हेच केलं. पातळ कागद चित्रावर ठेवायचा. किंचित वर उचलायचा, फोटो काढायचा. पुन्हा किंचित वर, पुन्हा फोटो. आणि सिनेमात एका सेकंदाला २४ फोटो सरकतात बरं का!

हेजहॉगसुद्धा कापलेल्या तुकड्यांचा. डोकं वेगळं, पाय वेगळे. चिमट्यानं पाय जरासा पुढे सरकवला की फोटो! ही चित्रं ठेवायला मांडणीच्या फळ्यांसारख्या एकावर एक काचा असत. एका काचेवर हेजहॉग, त्याखालच्या काचेवर झाडं. कॅमेरा वरून बघतो, म्हणून जंगल खोल खोल वाटतं. चित्रं काढली फ्रांचेस्का यार्बुसोवा यांनी. त्या नोर्श्तेन यांच्या पत्नी.

नोर्श्तेन यांचा जन्म १९४१ चा, ऐन महायुद्धातला. मोठेपणी आधी ते फर्निचरच्या कारखान्यात कामाला होते! मग ॲनिमेशन शिकले आणि १९६१ पासून सोयुझमुल्तफिल्म या स्टुडिओत रमले.

पुढे १९८१ साली त्यांनी ‘ओव्हरकोट’ हा सिनेमा हाती घेतला. गोष्ट लेखक निकोलाय गोगोल यांची. एक गरीब कारकून पोटाला चिमटा काढून नवा कोट शिवून घेतो, त्याची. पण काम इतकं सावकाश चाललं, की स्टुडिओनं त्यांना काढूनच टाकलं! मला याचं फार वाईट वाटतं. एकेका हालचालीसाठी जीव ओतणाऱ्या माणसाला घाई कशी करायची?

ते थांबले का? मुळीच नाही! काम चालूच ठेवलं. चाळीसहून जास्त वर्षं उलटली, तरी ‘ओव्हरकोट’ अजून पुरा झालेला नाही!