विश्लेषण : डिझेल इंजिनाचा चालक पन्नाशीनंतर विजेचे इंजिन कसे शिकतो?

निवृत्तीला चार-पाच वर्षे उरलेला लोको पायलट पुन्हा वही-पेन घेऊन वर्गात बसतो. शेजारच्या बाकावर मुलाच्या वयाचा सहायक असतो. विद्युतीकरणामुळे ही वेळ अनेक डिझेल चालकांवर आली.

नेमके काय बदलले?
मुंबईत विजेवरची पहिली गाडी १९२५ मध्येच धावली. कोकण आणि लातूरच्या मार्गांवर मात्र डिझेलचेच राज्य होते. कोकण रेल्वेचे विद्युतीकरण २०२२ मध्ये पूर्ण झाले, तर मध्य रेल्वेच्या ब्रॉडगेज मार्गांचे फेब्रुवारी २०२३ मध्ये.

इंजिनात फरक काय?
डिझेल इंजिन स्वतः वीज तयार करते आणि त्यावर चाकांच्या मोटारी फिरतात. विजेचे इंजिन ती वरच्या २५ हजार व्होल्टच्या तारेतून पॅन्टोग्राफने घेते. जुन्या चालकाला आवाजावरून, धुराच्या रंगावरून बिघाड कळे. आता केबिनमधल्या पडद्यावर उमटणारा संदेश वाचावा लागतो.

सर्वांत अवघड काय?
‘न्यूट्रल सेक्शन’. दोन वीजपुरवठ्यांच्या मधल्या या तुकड्यात तारेत वीज नसते. त्याआधी ५०० आणि २५० मीटरवर पाट्या असतात. तेथे मुख्य सर्किट ब्रेकर, म्हणजे रेल्वेच्या भाषेत ‘डीजे’, उघडायचा, गाडी आहे त्या वेगावर पुढे न्यायची आणि नंतर तो पुन्हा जोडायचा. वेग कमी पडला तर गाडी तिथेच अडकते. इतकी वर्षे रूळ आणि सिग्नल पाहणाऱ्या नजरेला आता वरच्या तारेचेही भान ठेवावे लागते.

प्रशिक्षण कसे होते?
आधी वर्ग, मग शेडमध्ये इंजिनाची ओळख, त्यानंतर देखरेखीखाली प्रत्यक्ष गाडी चालवणे. सक्षमता प्रमाणपत्र मिळाल्यावरच इंजिन हाती येते.

वयाचा अडसर किती?
वैद्यकीय तपासणी ४५ ते ५५ वयात दर दोन वर्षांनी, पुढे दरवर्षी होते. दृष्टी निकषात बसली नाही तर रेल्वेत पर्यायी काम मिळते. नोकरी राहते, पण इंजिन सुटते. ज्याची ओळखच ‘ड्रायव्हरसाहेब’ आहे, त्याला हे जड जाते.

मग जुना अनुभव वाया जातो का?
नाही. घाटातला उतार, पावसातले ओले रूळ, जड मालगाडीचा ब्रेक कधी लावायचा, हे इंजिन बदलल्याने बदलत नाही. पडद्यावरचा संदेश सहायक पटकन वाचतो, उताराचा अंदाज ज्येष्ठाला आधी येतो. एकाच केबिनमध्ये दोघेही एकमेकांकडून शिकतात.