पडदा कुणी बांधायचा?

कलाकृती चांगली की वाईट, हे आपण स्वतः पाहून ठरवतो असे आपल्याला वाटते. पण ती आपल्यापर्यंत पोचू द्यायची की नाही, हे आधीच कुणीतरी ठरवलेले असते: कलादालनाचा संचालक, महोत्सवाची निवड समिती, दूरचित्रवाणीचा अधिकारी. या द्वारपालांनाच प्रश्न विचारणारी कला जगभर निर्माण झाली आहे. १९७१ मध्ये न्यूयॉर्कच्या गुगेनहाइम संग्रहालयाने हान्स हाके यांचे प्रदर्शन ऐनवेळी रद्द केले. शहरातल्या गरीब वस्त्यांमधील इमारतींचे मालक कोण, हे त्यांनी छायाचित्रांसह मांडले होते.

मुंबईतही असेच घडले. २००४ च्या मुंबई आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवासाठी भारतीय माहितीपटांना सेन्सॉर प्रमाणपत्राची अट घातली गेली. परदेशी चित्रपटांना ती नव्हती. विरोधामुळे अट मागे घेतली, पण राकेश शर्मा यांच्या गुजरात दंगलीवरील 'फायनल सोल्यूशन'सारखे चित्रपट निवडीत गळाले. तेव्हा माहितीपटकारांनी त्याच दिवसांत 'विकल्प' नावाचा स्वतःचा महोत्सव भरवला. निषेधाचे पत्रक काढून ते थांबले नाहीत. त्यांनी आपला पडदा बांधला.

मी घाटकोपरचा. या प्रश्नाचे मोल मला इथल्या रमाबाई आंबेडकर नगरामुळे कळते. ११ जुलै १९९७ रोजी तिथे बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली, लोक रस्त्यावर आले आणि पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मरण पावले. त्यानंतर काही दिवसांतच शाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. आनंद पटवर्धन यांच्या 'हमारा शहर' या १९८५ च्या माहितीपटात ते गायले होते. या घटनांपासून सुरू झालेला पटवर्धनांचा 'जय भीम कॉम्रेड' चौदा वर्षांनी, २०११ मध्ये पूर्ण झाला. तीन तासांहून मोठा हा चित्रपट वस्त्यांमध्ये, उघड्यावर दाखवला गेला.

त्यात साक्षीपुराव्याइतकीच गाणी महत्त्वाची आहेत. आंबेडकरी जलशाला नाट्यगृह लागत नाही की समीक्षकाची शिफारस. समोरचा श्रोता तिथल्या तिथे दाद देतो किंवा जाब विचारतो. चित्रपटाने ही रीत उचलली.

संग्रहालये, महोत्सव नकोत असे मी म्हणणार नाही. चित्रफिती जपायला, नव्या कलावंताला हात द्यायला संस्था हव्यातच. परंतु त्यांनी दार लावले म्हणून दहा माणसांच्या मृत्यूची आठवण बाहेर ताटकळत राहता कामा नये.